रविवारी मेस बंद, सूप चालू

काचेच्या छोट्या ग्लासात निळंशार पाणी होतं. माझ्या बोटातून काढलेला रक्ताचा थेंब त्यात टाकला आणि तो खाली जायचं नावच घेईना. जरासा बुडाला, परत वर आला आणि तरंगत राहिला. समोरच्या ताईंनी माझ्याकडे पाहिलं, कागदावर काहीतरी लिहिलं आणि म्हणाल्या, ‘‘तू नको देऊस रक्त. तुलाच लागेल.’’

मी तिथे खरं तर बातमी करायला गेले होते. कॉलेजमधलं रक्तदान शिबिर, दोनशे शब्द, एक फोटो. इंटर्न असल्यामुळे माझ्या वाट्याला अशाच बातम्या येतात. म्हटलं, आलोच आहोत तर रक्तही देऊ, बातमीला जरा ‘पर्सनल टच’ येईल. टच आलाच, फक्त वेगळा.

ते निळं पाणी म्हणजे मोरचुदाचं द्रावण. रक्तात हिमोग्लोबिन पुरेसं असेल तर रक्त जड असतं, थेंब तळाशी जातो. कमी असेल तर तरंगतो. रक्तदानासाठी हिमोग्लोबिन किमान १२.५ लागतं. दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये रीतसर तपासलं तर माझं निघालं १०.४.

शिबिरातल्या डॉक्टर मॅडमनी एकच प्रश्न विचारला होता, ‘‘काल रात्री काय जेवलीस?’’

काल रविवार होता. पुण्यात कॉट बेसिसवर राहणाऱ्या कुणालाही विचारा, रविवारी संध्याकाळी मेस बंद असते. दुपारी फीस्ट आणि रात्री सुट्टी. म्हणून रविवारी रात्री मी कपातलं नूडल्स खाल्लं होतं. सोमवारी सकाळी लेक्चर होतं म्हणून फक्त चहा. शनिवारी डबा आला होता, पण भाजी आवडली नाही म्हणून दोन पोळ्या लोणच्याशी खाऊन डबा परत. मॅडमना हे सांगताना माझाच आवाज बारीक होत गेला.

चार मुली, चार गावं, एक शेगडी

आम्ही चौघी एका खोलीत राहतो. एक सोलापूरची, एक नाशिकची, एक यवतमाळची आणि मी अंबाजोगाईची. एकमेकींना हाकही गावाच्याच नावाने मारतो. नाशिक बँकेच्या परीक्षा देते, यवतमाळ एमपीएससी करते, सोलापूर एका आयटी कंपनीत नाइट शिफ्टला आहे. चौघींच्या जेवायच्या वेळा चार. खोलीत गॅस चालत नाही, इंडक्शन चालतं. एक तीन लिटरचा कुकर आहे, त्यात तोवर फक्त मॅगी आणि अंडी उकडली होती.

माझा रिपोर्ट पाहून यवतमाळ म्हणाली, ‘‘मलाही जिना चढताना धाप लागते गं. मला वाटायचं, अभ्यासाचं टेन्शन आहे.’’ त्याच आठवड्यात त्या तिघींनीही तपासून घेतलं. चौघींपैकी तिघींचं हिमोग्लोबिन बाराच्या खाली! बायकांसाठी बाराच्या खाली म्हणजे ॲनिमिया. एकटी सोलापूर पास झाली, आणि तिने त्याबद्दल आम्हाला चहा पाजला. (चहाचं काय चुकलं ते पुढे सांगते.)

आम्हाला वाटलं, आपणच कमनशिबी. मग ‘स्टोरी’ म्हणून आकडे शोधायला बसले. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, म्हणजे २०१९ ते २१ मध्ये, देशातल्या १५ ते ४९ वयाच्या ५७ टक्के बायकांमध्ये ॲनिमिया आढळला होता. आमची खोली म्हणजे देशाचं छोटं सॅम्पल निघालं.

डॉक्टरांनी लोहाच्या गोळ्या दिल्या. त्या सुरू केल्याच. पण त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली, ‘‘गोळ्या तीन महिने. जेवण रोज. रविवारीसुद्धा.’’

मोठ्ठं सूप

मग रविवारी रात्री करायचं काय? पोळ्या आम्हाला कुणालाच धड येत नाहीत. भातवरणाला यवतमाळ तयार नव्हती, कारण मेसमध्ये आठवड्याचे सहा दिवस तेच. नाशिकला पास्ता हवा होता. मला डॉक्टरांनी सांगितलेलं कडधान्य आणि पालेभाजी हवी होती. सोलापूरला एकच भांडं घासायचं होतं. या चार मागण्यांची बेरीज केली आणि उत्तर आलं, मिनेस्ट्रोने.

नाव हॉटेलातलं वाटतं, पण पदार्थ अगदी घरगुती. इटालियनमध्ये ‘मिनेस्त्रा’ म्हणजे सूप आणि शेवटी ‘ओने’ लावलं की ‘मोठ्ठं’. मोठ्ठं सूप, बास. घरात असेल ती भाजी, एखादं कडधान्य आणि पोट भरावं म्हणून पास्ता किंवा भात. त्याची एक ठरलेली रेसिपीच नाही. जिनोव्हात त्यात शेवटी तुळशीच्या जातीतल्या बेसिलची चटणी घालतात, मिलानमध्ये पास्त्याऐवजी तांदूळ असतो. ज्या टोमॅटोशिवाय आपल्याला हे सूप सुचत नाही, तो अमेरिका खंडातला. सोळाव्या शतकाआधी तो इटलीत नव्हताच. बटाटा आणि राजमाही तिकडूनच आले. म्हणजे ‘ऑथेंटिक’ होत नाही म्हणून घाबरायचं काही कारण नाही. इटलीतल्या बायकांनीही बाजारात नवं जे आलं ते पातेल्यात टाकलंच की.

या सूपाचा एक किस्सा मला फार आवडतो. पेलेग्रिनो आर्तुझी नावाच्या गृहस्थांनी १८९१ मध्ये इटालियन घरगुती स्वयंपाकाचं पुस्तक काढलं, ते आजही तिथे घराघरांत असतं. त्यात मिनेस्ट्रोनेच्या पाककृतीआधी ते १८५५ ची आठवण सांगतात. ते लिव्होर्नोला गेले होते, तिथल्या खानावळीत त्यांनी हे सूप खाल्लं आणि रात्री पोटात जी कालवाकालव झाली, त्याला त्यांनी सगळा दोष सूपाचा दिला. दुसऱ्या दिवशी फ्लोरेन्सला परतल्यावर बरं वाटलं. नंतर कळलं की लिव्होर्नोत कॉलरा पसरलाय आणि ज्याच्या घरी ते उतरले होते तो मालकच त्यात गेला. बिचारं सूप उगाच बदनाम झालं होतं! स्वयंपाकाच्या पुस्तकात पदार्थाची अशी ओळख करून देणारा लेखक मला एकदम आपला वाटला.

पहिला रविवार : नापास

पहिल्या रविवारी आम्ही सगळं एकदम केलं. राजमा दुपारी चारला भिजत घातला, सातला कुकरमध्ये टोमॅटो, भाज्या, पास्ता, मीठ असं सगळं ओतून पाच शिट्ट्या. झाकण उघडलं तर पास्त्याची लापशी झाली होती आणि राजमा मात्र गोट्यांसारखा. नाशिकने एक दाणा चावून पाहिला आणि थुंकला. ते फार बरं झालं, हे नंतर समजलं.

कारण कच्च्या आणि अर्धवट शिजलेल्या राजम्यात एक विषारी द्रव्य असतं. त्याने उलट्या-जुलाब होतात. राजमा किमान पाच तास भिजवायचा, ते पाणी फेकून द्यायचं आणि नव्या पाण्यात खदखदून शिजवायचा. मंद आचेवर नुसता कोमट शेकत ठेवला तर ते द्रव्य जात नाही. कुकर सगळ्यात सुरक्षित. हॉस्टेलच्या केटलमध्ये राजमा करायच्या भानगडीत तर कुणी पडूच नका.

आणि तो मऊ का नाही झाला? रात्री अकराला आईला फोन केला.

‘‘काय करायलीस एवढ्या रात्री?’’

‘‘राजमा शिजंना गं.’’

‘‘टमाटा आधीच टाकला असशील.’’

मी गप्प.

‘‘आंबट आधी टाकलं की दाणा शिजत नसतो, बाई. वरणात चिंच कधी टाकते मी?’’

शेवटी. आई चिंच नेहमी शेवटी टाकते. बावीस वर्षं ते वरण खाल्लं, पण चिंच कधी पडते ते एकदाही पाहिलं नव्हतं. टोमॅटोतल्या आम्लामुळे दाण्याचं साल आणि गर मऊ व्हायला वेळ लागतो, हे मी नंतर वाचलं. आईला ते न वाचता माहीत होतं.

मग तिने विचारलं, ‘‘पण हे करायलीस तरी काय?’’ मी सांगितलं, असं असं सूप, त्यात भाज्या, दाणे आणि पास्ता. ती हसायला लागली. ‘‘म्हणजे वरणफळंच की!’’

मी फोन स्पीकरवर टाकला. सोलापूर ओरडली, ‘‘काकू, आमच्याकडे चकोल्या!’’ आणि पुढची पंधरा मिनिटं त्या दोघींचंच चाललं. कणकेचे शंकरपाळ्यासारखे तुकडे, उकळत्या वरणात सोडलेले, वरून तूप. दाणा, गहू, पाणी, एकच भांडं. विचार केला तर पास्ता तरी वेगळा काय आहे? तो होतो ड्युरम नावाच्या कडक गव्हाच्या रव्यापासून, आणि आपल्याकडचा बन्सी गहू हा ड्युरमच. आजी ज्या बन्सी रव्याच्या शेवया करायची, त्या शेवया आणि हा पास्ता हे लांबचे चुलतभाऊ. दुकानात पाकीट मागून वाचा मात्र. काही स्वस्त पास्ते मैद्याचे असतात, ते पटकन गळतात.

आता जमतं ते असं

चौघींना पोटभर, म्हणजे रात्रीचं पूर्ण जेवण.

राजमा अर्धी वाटी, कांदा एक, गाजरं दोन, लसूण पाच पाकळ्या, बटाटा एक लहान, फरसबीच्या आठ-दहा शेंगा, दुधीचा वीतभर तुकडा, टोमॅटो तीन, पालक अर्धी जुडी, कोथिंबीर देठांसकट, छोटा पास्ता एक वाटी, तेल दोन मोठे चमचे, मीठ, मिरपूड आणि एक लिंबू. इटलीत यात सेलरीचे दांडे असतात. आम्ही त्याऐवजी कोथिंबिरीचे देठ बारीक चिरून घालतो. झुकिनीच्या जागी दुधी. मंडईत फेरी मारली तर हे सगळं एका पिशवीत येतं. चौघींत वाटलं की प्रत्येकीचा खर्च एका वडापाव-चहाच्या आसपासच बसतो.

राजमा शनिवारी रात्री झोपताना भिजवायचा. हे विसरायला होतं म्हणून यवतमाळने दाराच्या आतल्या बाजूला चिठ्ठी लावलीये : ‘लाइट बंद, राजमा चालू.’

रविवारी संध्याकाळी भिजवलेलं पाणी फेकून, तीन वाट्या नवं पाणी घालून राजमा कुकरला लावायचा. एक शिट्टी झाली की आच कमी करून वीस मिनिटं. दाणा दोन बोटांत सहज चिरडला गेला पाहिजे. नाही गेला तर परत लावायचा, इथे घाई नाही. शिजलेल्या राजम्याचं पाणी मात्र ठेवायचं, त्यातच अर्धी चव असते.

तोवर भाज्या चिरून होतात. सगळ्या साधारण पास्त्याच्याच आकाराच्या, म्हणजे प्रत्येक चमच्यात सगळं येतं.

आता पातेल्यात तेल. कांदा, गाजर, लसूण, कोथिंबिरीचे देठ आणि चिमूटभर मीठ. मंद आचेवर आठ-दहा मिनिटं. इथे मी आधी हमखास घाई करायचे, कांदा करपवायचे आणि मग सूप कडवट. कांदा लाल करायचा नाहीये, फक्त मऊ आणि गोडसर करायचाय. यात मसाला नसतो, त्यामुळे चव येते ती या दहा मिनिटांतूनच.

मग बटाटा, फरसबी, दुधी घालून दोन मिनिटं परतायचं. चिरलेले टोमॅटो घालायचे, ते गळेपर्यंत थांबायचं. राजमा आधीच शिजलाय, त्यामुळे आता टोमॅटो त्याचं काही बिघडवू शकत नाही. राजमा पाण्यासकट घालायचा, वर आणखी पाणी घालून एकूण सहा-सात वाट्या रस्सा होईल इतकं करायचं. पळीभर राजमा पळीच्या मागच्या बाजूने पातेल्यातच चेचायचा. सूप दाट होतं, कॉर्नफ्लोअर लागत नाही, क्रीम लागत नाही. झाकण ठेवून पंधरा मिनिटं उकळू द्यायचं.

बटाटा शिजला की पास्ता. पाकिटावर जितकी मिनिटं लिहिलीत त्याच्या एक मिनिट आधी पालक चिरून घालायचा आणि मिनिटभराने इंडक्शन बंद. मीठ बघायचं, मिरपूड घालायची. आणि लिंबू पिळायचं ते बंद केल्यावरच.

लिंबाचं कारण डॉक्टर मॅडमनी समजावलं होतं. कडधान्यातलं आणि पालेभाजीतलं लोह शरीर सहजासहजी घेत नाही. सोबत ‘क’ जीवनसत्त्व असेल तर जास्त घेतं. उकळताना ते जीवनसत्त्व कमी होतं, म्हणून लिंबू शेवटी. आणि चहा-कॉफी नेमकं उलटं करतात, लोह अडवून ठेवतात. म्हणून जेवणाच्या आधी-नंतर तासभर तरी चहा नको. सोलापूरच्या त्या पार्टीचा चहा आम्ही कपातलं नूडल्स खाता खाता प्यायलो होतो!

सोमवारी सकाळचं विटकर

दुसऱ्या रविवारी सूप छान झालं. इतकं झालं की उरलं. सोमवारी डब्यात न्यायचं म्हणून झाकून ठेवलं आणि सकाळी पाहिलं तर पातेल्यात विटकर. पास्ता रात्रभर पाणी पीत राहतो, फुगतो, सगळा रस्सा गायब. त्यात गरम पाणी घालून खाल्लं, पण ती दुसऱ्या दिवशीची वरणफळं लागतात तशी मजा नव्हती.

तेव्हापासून नियम एकच. उरवायचं असेल तर पास्ता घालायच्या आधीच तेवढं सूप वेगळं काढायचं, गार करून फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी उकळायला ठेवलं की त्यात मूठभर पास्ता टाकायचा. आमच्याकडे फ्रिज नाही, खाली घरमालकीण काकूंचा आहे. त्या आधी डबा ठेवून घ्यायला कुरकुरल्या. तिसऱ्या रविवारी आम्ही त्यांना वाटीभर सूप दिलं. त्यांनी चव घेतली, ‘‘जरा हिंग हवा होता,’’ म्हणाल्या आणि वाटी रिकामी करून दिली. पुढच्या वेळी वाटीऐवजी लोखंडी कढई घेऊन वर आल्या. ‘‘पालेभाज्या यात करत जा गं पोरींनो. लोखंड उतरतं भाजीत. पण झालं की लगेच दुसऱ्या भांड्यात काढा, नाहीतर काळं पडतं.’’ त्याच काकूंनी आम्हाला आल्या दिवशी सांगितलं होतं, ‘‘खोलीत स्वयंपाकाचा वास यायला नको.’’

थेंब

आता यात भाबडेपणा नको. सूप खाऊन ॲनिमिया जात नाही. आमच्या गोळ्या चालू आहेत, त्यांनी पोट बिघडतं, यवतमाळ दर आठवड्याला त्या बंद करायची धमकी देते आणि आम्ही तिला करू देत नाही. कुणाला धाप लागत असेल, चक्कर येत असेल, केस भसाभस गळत असतील तर आधी रक्त तपासा. रेसिपी नंतर.

पण सूपाने एक केलं. आधी आम्ही चौघी एका खोलीत राहत होतो, तरी जेवायचो एकेकट्या. आपापल्या कॉटवर, मोबाइल उशीला टेकवून. कोण जेवलं, कोण नाही, कुणाला पत्ता नसायचा. मी दोन महिने सकाळचा नाश्ता करत नव्हते हे माझ्या रूममेट्सना रक्ताच्या रिपोर्टवरून कळलं. आता रविवारी आठ वाजता चार वाट्या मांडल्या जातात. एक वाटी तशीच राहिली तर लगेच दिसते. गेल्या महिन्यात प्रिलिमचा निकाल लागला, यवतमाळचं नाव नव्हतं. ती पांघरूण घेऊन भिंतीकडे तोंड करून झोपली होती. कुणी काही समजावलं नाही. नाशिकने तिची वाटी भरली, वर ताटली झाकली आणि कॉटखाली ठेवली. रात्री एक वाजता चमच्याचा आवाज आला. आम्ही तिघीही जाग्याच होतो. कुणीच लाइट लावला नाही.

परवा मी पुन्हा तपासून आले. तीन महिन्यांनी ११.९. डॉक्टर म्हणाल्या, ‘‘येतंय. गोळ्या सोडू नकोस.’’ १२.५ ला अजून थोडं अंतर आहे. कॉलेजचं पुढचं शिबिर दिवाळीनंतर आहे. बातमी मीच मागून घेतलीये.

तोवर आज शनिवार आहे. राजमा भिजवायचाय.